खापरपणजोबांचा माग: सरकारी दप्तरातून घराण्याची वंशावळ कशी काढायची

वंशावळ शोधायला निघालेले बहुतेक जण आडनावाच्या मागे लागतात आणि तिथेच अडकतात. शंभर वर्षांपूर्वीच्या कागदात आडनाव असेलच असे नाही. असले तरी ते आजचेच असेल याचीही खात्री नसते. बापाच्या जागी वतनाचा हुद्दा, एका भावाच्या नावापुढे ‘पाटील’ तर दुसऱ्यापुढे मूळ कुळी, तिसऱ्यापुढे नुसते गावाचे नाव, हे सर्रास दिसते. त्यात नातवाला आजोबाचे नाव ठेवायची रीत असल्याने ‘राणू बिन तुका’ आणि ‘तुका बिन राणू’ आलटून पालटून येत राहतात.

त्या मानाने जमिनीचा नंबर फारसा बदलत नाही, आणि बदलला तर त्याचा कागद होतो. म्हणून ज्या घराला कधीकाळी गुंठाभर का होईना जमीन होती, त्या घराचा शोध सर्व्हे नंबर धरून मागे न्यावा. ज्यांच्याकडे जमीन नव्हती त्यांच्यासाठी वेगळी वाट आहे, ती पुढे दिली आहे.

घरातून निघण्यापूर्वी

एका वहीत चार गोष्टी लिहून घ्या: मूळ गाव, त्या गावाचा तालुका व जिल्हा, माहीत असलेल्या सर्वांत जुन्या पूर्वजाचे नाव, आणि त्या गावातल्या जमिनीचा एखादा तरी गट किंवा सर्व्हे नंबर. नंबर ठाऊक नसेल तर भावकीतल्या कुणाचा तरी चालू सातबारा किंवा आठ-अचा खाते उतारा मागून घ्या. आत्या आणि आजीच्या माहेरच्या माणसांशीही बोला. मुलींची नावे, त्यांना कुठे दिले, कोण निपुत्रिक गेले, कोण दत्तक आले, हे सरकारी कागदात उशिरा किंवा अर्धवट येते. म्हाताऱ्या बायकांना ते तोंडपाठ असते.

मग गाव पूर्वी कोणत्या कारभारात होते ते पाहा. सिंधुदुर्ग १९८१ पर्यंत रत्नागिरीत होता, जालना त्याच वर्षी औरंगाबादमधून निघाला. लातूर १९८२ मध्ये उस्मानाबादमधून, नंदुरबार १९९८ मध्ये धुळ्यातून, पालघर २०१४ मध्ये ठाण्यातून वेगळा झाला. सांगलीच्या जुन्या कागदांवर ‘दक्षिण सातारा’ सापडेल, रायगडच्या कागदांवर ‘कुलाबा’, जळगावच्या कागदांवर ‘पूर्व खानदेश’. नवीन तालुका झाला की सगळे जुने दप्तर तिकडे जातेच असे नाही. ‘आमच्याकडे नाही’ हे उत्तर मिळाले की पहिला प्रश्न हाच विचारायचा: हे गाव आधी कोणत्या तालुक्यात होते? बेळगाव, निपाणीकडच्या घराण्यांनी तर लक्षातच ठेवावे की तो मुलूख १९५६ पर्यंत मुंबई राज्यात होता. कागद मराठीत असतील, पण ते मागायचे कर्नाटकातल्या कार्यालयात.

सातबाऱ्यावरून फेरफारावर

आजचा संगणकीकृत सातबारा वंशावळीच्या दृष्टीने कोरडा असतो. हवा तो हाताने लिहिलेला जुना. ही पाने साधारण दहा-दहा वर्षांनी नव्याने लिहिली जात, त्यामुळे एकाच नंबराचे सलग चार-पाच उतारे मिळाले तर १९५० च्या आसपास सहज पोचता येते. पानावर खातेदाराच्या नावाशेजारी वर्तुळात आकडे असतात. ते फेरफाराचे, म्हणजे हक्क बदलल्याच्या नोंदीचे, क्रमांक. कंसात टाकलेले नाव म्हणजे ज्याचा हक्क संपला त्याचे. सातबाऱ्यावरून घ्यायचे ते हे आकडेच.

खरा ऐवज फेरफार नोंदवहीत, म्हणजे गाव नमुना ६ मध्ये आहे. मुंबई इलाख्यात हक्कनोंदणीचा कायदा १९०३ चा. त्यानंतर गावोगाव नोंदी सुरू झाल्या आणि प्रत्येक गावाला स्वतंत्र क्रम मिळाला. त्यामुळे लहान क्रमांकाचा फेरफार म्हणजे जुना फेरफार. वारसाची नोंद साधारण अशी असते: अमुक खातेदार अमुक तारखेस मयत, त्यास वारस मुलगे अमुक व अमुक, विधवा अमुक, पैकी धाकटा अज्ञान, त्याचा पालनकर्ता चुलता अमुक. एका नोंदीत अख्खे घर उभे राहते. जोडीला वारस प्रकरणांची नोंदवही, गाव नमुना ६-क, जरूर मागा. फेरफारात जे आटोपशीर लिहिले ते तिथे विस्ताराने असू शकते. वारसावरून वाद झाला असेल तर तक्रार प्रकरणाची फाइल सापडते का पाहा. त्यात दोन्ही पक्षांचे जबाब आणि दोन्ही पक्षांनी मांडलेली वंशावळ असते. नामंजूर झालेली नोंदसुद्धा उतरवून घ्या. जमिनीसाठी ती बाद असली तरी नात्यांसाठी ती बोलकी आहे.

वाचताना अडवतात ते संक्षेप. ‘बिन’ आणि ‘वलद’ म्हणजे अमुकाचा मुलगा. ‘कोम’, ‘जोजे’ आणि ‘भ्रतार’ या शब्दांनी स्त्रीचा नवरा सांगितलेला असतो. ‘ए.कु.मॅ.’ म्हणजे एकत्र कुटुंबाचा मॅनेजर. हे दिसले की थांबा, कारण त्या एका नावामागे चार भाऊ लपलेले असू शकतात आणि पुढच्या वाटणीच्या फेरफारातच ते बाहेर येतात. ‘अ.पा.क.’ म्हणजे अज्ञान पालनकर्ता. ‘कु.मु.’ म्हणजे कुलमुखत्यार. तो नातेवाईक असतोच असे नाही. पालनकर्त्याला बाप समजून एक आख्खी पिढी चुकीची लावणे, ही या शोधातली सर्वांत नेहमीची चूक आहे.

तारखांबाबतही सावध राहा. फेरफाराची तारीख ही मृत्यूची तारीख नव्हे. कर्ज काढायची किंवा जमीन विकायची वेळ आली तेव्हाच वारस लावायचे, असे पुष्कळ घरांत होई. त्यामुळे दोन्हींत दहा-वीस वर्षांचे अंतर पडू शकते, आणि कधी कधी दोन पिढ्यांचे वारस एकाच दिवशी लागलेले दिसतात. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याआधीच्या नोंदीत मुली सहसा नसतात. नंतरच्या नोंदीत मुली सासरच्या नावाने आणि गावासह येतात आणि लगेच पुढे हक्कसोडपत्राचा फेरफार असतो. बहिणीचा हक्क गेल्याचाच तो कागद, पण तिचे नाव, नवरा आणि सासर तिथेच लिहिलेले असते, म्हणून तो चुकवू नका.

गट नंबरावरून सर्व्हे नंबरावर

इथे बहुतेकांचा धागा तुटतो. १९४७ च्या तुकडेबंदी व एकत्रीकरण कायद्याखाली ज्या गावांत योजना झाली, तिथे जुने सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले. आजचा गट ३१२ म्हणजे पूर्वीचा सर्व्हे ८७ चा दुसरा हिस्सा असू शकतो. हा सांधा मिळतो एकत्रीकरण योजनेच्या उताऱ्यात, ज्याला लोक ‘गटस्कीम’ म्हणतात. तो तालुक्याच्या उपअधीक्षक, भूमी अभिलेख यांच्या कार्यालयात मागायचा. त्यावर जुना नंबर, नवा गट आणि त्या वेळच्या खातेदाराचे नाव असते. हा उतारा न घेता गट नंबराने जुने फेरफार शोधले तर काहीच सापडत नाही, आणि माणूस समजतो की दप्तर जळाले.

त्याच कार्यालयात टिपण, गुणाकार बुक, आकारबंद आणि शेतवारपत्रक ही मोजणीची कागदपत्रे असतात. मुंबई इलाख्यातली पद्धतशीर मोजणी-आकारणी इंदापूर तालुक्यात १८३६ च्या सुमारास सुरू झाली आणि पुढे इतरत्र पसरली. म्हणून शेतवारपत्रकातले नाव मिळाले तर एका उडीत एकोणिसाव्या शतकात जाता येते. हे कागद पुष्कळदा मोडी लिपीत असतात. गावठाणातल्या घराचा माग काढायचा असेल तर नगर भूमापन झालेल्या ठिकाणी मालमत्ता पत्रक व चौकशी नोंदवही, आणि झाले नसेल तर ग्रामपंचायतीचा नमुना ८ पाहा.

अर्ज कसा करायचा

आधी ‘आपले अभिलेख’ या सरकारी संकेतस्थळावर नोंदणी करून पाहा. जिल्हा, तालुका, गाव आणि अभिलेखाचा प्रकार निवडला की नंबरावरून शोध घेता येतो. शुल्क भरून डिजिटल सहीची प्रत उतरवून घेता येते. सगळ्या तालुक्यांचे सगळे दप्तर तिथे चढलेले नाही. शिवाय स्कॅन करताना पाने चुकीच्या वर्गात पडलेली असतात. फेरफारात नाही मिळाले तर त्याच गावाचे जुने सातबारे आणि ‘इतर’ हा प्रकारही उघडून बघा.

जिथे स्कॅन नाही तिथे तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षात नकलेचा अर्ज करावा लागतो. ‘आमच्या पूर्वजांची सर्व माहिती मिळावी’ असा अर्ज कधीच करू नका. त्याला उत्तर देणे कर्मचाऱ्याला शक्यच नसते. असे लिहा: मौजे अमुक, तालुका अमुक, फेरफार क्रमांक ४१, २१७ व ३९० यांच्या प्रमाणित नकला मिळाव्यात. क्रमांक ठाऊक नसेल तर सर्व्हे नंबर द्या आणि सालांची मर्यादा घाला. अर्जावर कोर्ट फी तिकीट लावा, पोच घ्या, पोचेवर आवक क्रमांक आहे ना ते तिथेच पाहा.

अडलेच तर माहितीचा अधिकार आहे. महाराष्ट्रात अर्जाचे शुल्क १० रुपये, प्रतीचे पानाला २ रुपये. अर्ज १५० शब्दांच्या आत आणि एकाच विषयाचा हवा, नाही तर त्याच कारणाने परत येतो. उत्तराची मुदत ३० दिवस. नकलेपेक्षा ‘अभिलेखाची पाहणी’ मागणे शहाणपणाचे, कारण नोंदवही स्वतः चाळताना शेजारच्या पानावर चुलत घराची नोंद दिसते, जी मागायचे तुम्हाला सुचलेच नसते. ‘उपलब्ध नाही’ असे तोंडी सांगितले तर ते लेखी मागा, आणि कागद दुसऱ्या कार्यालयात वर्ग झाला, गहाळ झाला की नष्ट केला, हे त्यात स्पष्ट असू द्या. नष्ट केला असेल तर नाश यादीत त्याची नोंद हवी.

जमीन नव्हती त्यांच्यासाठी

पहिला आधार शाळा. गावच्या प्राथमिक शाळेचे जनरल रजिस्टर, ज्याला दाखलखारीजही म्हणतात, ते अनेक ठिकाणी शंभर वर्षांपेक्षा जुने आहे. त्यात मुलाचे व बापाचे नाव, जात, जन्मतारीख, जन्मगाव, आधीची शाळा आणि शाळा सोडण्याचे कारण असते. मुख्याध्यापकांकडे निर्गम उतारा मागा, पण रजिस्टर स्वतः पाहायची विनंतीही करा. जन्मतारखेवर विसंबू नका. १ जून ही तारीख दिसली तर ती शाळेत नाव घालताना गुरुजींनी अंदाजाने घातलेली असण्याचीच शक्यता मोठी. आणि ‘मुलगा गावात शिकलाच नाही’ असे ठरवण्याआधी आजोळच्या गावची शाळा पाहा.

दुसरा आधार जन्म-मृत्यूची जुनी नोंदवही: गाव नमुना १४, बोलीत कोतवाल बुक. सध्याचा जन्म-मृत्यू नोंदणी कायदा १९६९ चा. त्याआधीच्या गावपातळीवरच्या या वह्या तहसीलच्या अभिलेख कक्षात असतात. यात बाळाचे नाव बहुधा नसते. नुसते ‘मुलगा’ किंवा ‘मुलगी’ आणि बापाचे नाव, जात, तारीख. त्यामुळे नावाने शोधू नका, बापाच्या नावाने आणि अंदाजे सालाने शोधा. मृत्यूच्या रकान्यात वय आणि कारण सापडते. १९१८ च्या इन्फ्लुएंझाच्या साथीच्या महिन्यांची पाने वाचताना एकाच घरातली तीन-तीन नावे लागोपाठ येतात. तिथे घाई करू नका, नीट उतरवून घ्या. त्या माणसांची दुसरी कुठलीच खूण मागे राहिलेली नसते.

तिसरा आधार कुळवहिवाटीचा. ज्याची जमीन नव्हती तो दुसऱ्याची कसत असेल. १ एप्रिल १९५७ या कृषक दिनानंतर मुंबई कुळवहिवाट कायद्याखाली कलम ३२-ग ची जी प्रकरणे चालली, त्यांत कुळाचे नाव, वारस आणि जबाब आहेत. महार, रामोशी, कोळी अशा गावकामगारांची इनामे होती. ती १९५८ च्या कायद्याने संपली तेव्हा जमीन कोणाकोणाला परत द्यायची, याच्या वारसवार याद्या झाल्या. धरणात गेलेल्या गावांसाठी भूसंपादनाचा निवाडा पाहा. प्रत्येक खातेदार त्यात नावनिशी असतो.

अलीकडे एक मोठे दार उघडले आहे. कुणबी नोंदी शोधण्यासाठी २०२३ मध्ये न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली गेली, तेव्हा महसूल, शाळा, भूमी अभिलेख, दुय्यम निबंधक, पोलीस, कारागृह, उत्पादन शुल्क अशा विभागांची जुनी दप्तरे पहिल्यांदाच एका हेतूने चाळली गेली. पुष्कळ जिल्ह्यांनी सापडलेली पाने स्कॅन करून जिल्ह्याच्या संकेतस्थळावर गाववार ठेवली आहेत. तुम्ही कोणत्याही जातीचे असा, तुमच्या गावची पाने उघडून पाहा. एका पानावर अनेक घरे असतात.

दस्तांचा शोध दुय्यम निबंधक कार्यालयात. खरेदीखत, गहाणखत असलेले पुस्तक १ कोणालाही पाहता येते. मृत्युपत्रे आणि दत्तकाचे अधिकारपत्र पुस्तक ३ मध्ये. मृत्युपत्र करणारा हयात नसेल तर त्याची नक्कल अर्ज करून मिळते. दत्तकाची शंका असेल तर हे पुस्तक सोडू नका.

मराठवाडा आणि विदर्भ

मराठवाडा १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता, म्हणून तिथे सेतवार, पाहणी पत्रक, इनामांसाठी मुंतखब ही नावे येतात आणि भाषा उर्दू. १९५४-५५ चे खासरा पाहणी पत्रक हा पाया धरा. तिथून मागे जायला उर्दू वाचणारा सोबत हवा. सन फसली असतो आणि महिने आजूर, दै, बहमन असे. आजूर ऑक्टोबरात सुरू होतो, म्हणून डिसेंबरपर्यंतच्या तारखेत ५९० आणि त्यापुढे ५९१ मिळवा. १३४७ फसलीचा आजूर म्हणजे १९३७ चा ऑक्टोबर.

नागपूरकडच्या जिल्ह्यांत १९५१ पर्यंत मालगुजारी होती, म्हणजे गावाचा सारा मालगुजारामार्फत भरला जाई. तिथे बंदोबस्ताची मिसल आणि अधिकार अभिलेख मागा. वऱ्हाडात मात्र रयतवारी होती, म्हणजे शेतकरी सारा थेट सरकारला भरे. दोन्हीकडचा कागद एकाच नावाने मागितला तर एकीकडे हमखास नकार मिळतो.

मोडी आणि पुराभिलेखागार

१८५० च्या मागे जायचे तर घराण्याला वतन किंवा इनाम असणे जवळपास गरजेचे आहे. हे कटू आहे पण खरे आहे. सामान्य रयतेची नावे गावच्या झाडतीत, लावणी पत्रकात, पट्टीच्या हिशेबात येतात, पण नात्यांची साखळी क्वचितच. पाटील, कुलकर्णी, देशमुख, जोशी, देवस्थानाचे पुजारी यांच्या बाबतीत १८५२ च्या कायद्याने अधिकार मिळालेल्या इनाम कमिशनने हक्काचा पुरावा मागितला आणि लोकांनी कैफियती (लेखी निवेदने) व वंशावळी सादर केल्या. १८७४ च्या वतन कायद्याखालीही वतनदारांची नोंद ठेवली गेली. हक्क टिकवण्यासाठी दिलेल्या वंशावळीत गैरसोयीचा भाऊ गाळलेला असू शकतो, हे ध्यानात ठेवून ती वाचा.

पुण्याच्या पुराभिलेखागारात, म्हणजे पेशवे दप्तरात, हे कागद कापडी रुमालांत बांधलेले आहेत. मुंबईचे मुख्य पुराभिलेखागार एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीत. त्याची स्थापना १८२१ ची. कोल्हापूर, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचे औरंगाबाद) इथेही शाखा आहेत. ओळखपत्राची प्रत आणि शोधाचा विषय सांगणारे पत्र घेऊन जा. विषय ‘आमचे घराणे’ असा नको. ‘मौजे अमुक, तर्फ अमुक, प्रांत अमुक, पाटील वतन, अंदाजे १७६० ते १८६०’ असा हवा, कारण तिथली वर्गवारी प्रांत-तर्फ-गाव अशी चालते. आधी याद्या पाहायच्या, मग रुमाल क्रमांक लिहून मागणी करायची. पेन्सिल न्या. परवानगीशिवाय फोटो काढू नका, बोटाला थुंकी लावून पान उलटू नका, आणि कागद ज्या क्रमाने निघाले त्याच क्रमाने परत बांधा. क्रम बिघडला तर पुढच्या माणसाला तो कागद कायमचा हरवतो.

मोडी दोन-तीन महिन्यांच्या सरावात वाचता येऊ लागते. पुराभिलेख विभाग प्रशिक्षण वर्गही घेतो. अडचण अशी की अक्षरओळ सलग असते, शब्द सुटे नसतात, आणि ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नसतो. नावे शब्दांच्या सांध्यात लपतात. आधी ‘बिन’ शोधा. त्याच्या दोन्ही बाजूंना नावे असतात.

तारीख लावायची रीत अशी. ‘छ’ म्हणजे चंद्र, त्यापुढे मुसलमानी महिना. सन बहुधा सुहूर असतो आणि अरबी शब्दांत, एकमापासून वर चढत जाणारा: ‘समान सितैन मया व अलफ’ म्हणजे आठ, साठ, शंभर आणि हजार, एकूण ११६८. सुहूर सन मृगाला बदलतो. जून ते डिसेंबरसाठी ५९९ आणि जानेवारी ते मेसाठी ६०० मिळवा. म्हणून हा सन १७६७-६८. शकात ७८ मिळवायचे, जानेवारीपासून फाल्गुनअखेरपर्यंत ७९. मूळ सन, महिना आणि काढलेले इसवी साल तिन्ही टिपून ठेवा. नुसते इसवी साल लिहिले तर चूक झाली की ती सापडत नाही.

जुळणी

प्रत्येक नावापुढे कागदाचा प्रकार, क्रमांक, कार्यालय आणि पाहिल्याची तारीख लिहा. बाप-लेकाचे नाते एखाद्या कागदात स्पष्ट लिहिलेले असेल तरच सलग रेघ ओढा, नाही तर तुटक. एकाच नावाची दोन माणसे आहेत असे वाटले तर त्यांच्या बायकांची नावे, जमिनीचा हिस्सा आणि लगतच्या खातेदारांची नावे ताडून पाहा. चतुःसीमा सहसा खोटे बोलत नाही. त्र्यंबकेश्वर-नाशिकच्या तीर्थपुरोहितांच्या वह्या आणि दक्षिण महाराष्ट्रातल्या वंशावळ सांगणाऱ्या हेळव्यांच्या पोथ्या सरकारी नसल्या तरी पडताळ्याला उत्तम. मात्र तिथे मिळालेली वंशावळ आधी वाचून मग सरकारी कागद शोधू नका. तसे केले की प्रत्येक अस्पष्ट अक्षरात आपल्याला हवे तेच नाव दिसायला लागते.